वेडा, गुन्हेगार की दुष्ट?

भारतीय न्याय संहितेतील २२ वे कलम जेमतेम एका वाक्याचे आहे. कृत्य करतेवेळी मनोविकलतेमुळे ज्याला आपण काय करतो आहोत हे कळत नव्हते, किंवा आपण करतो ते गैर अथवा बेकायदा आहे हे समजण्यास जो असमर्थ होता, त्याचे कृत्य हा अपराधच नव्हे, असे ते सांगते. १ जुलै २०२४ रोजी ही संहिता लागू होण्यापूर्वी १८६० च्या भारतीय दंड संहितेत हाच मजकूर ८४ व्या कलमात होता. नव्या विधेयकाच्या पहिल्या मसुद्यात मनोविकलतेऐवजी ‘मानसिक आजार’ असा शब्द घातला गेला होता. पण त्याची व्याप्ती इतकी सैल होईल की लहरी स्वभाव आणि स्वखुशीने केलेली नशाही त्यात येऊन बसेल, असा आक्षेप संसदीय समितीने घेतल्यावर जुनाच शब्द परत आणण्यात आला. म्हणजे मधल्या दीडशेहून अधिक वर्षांत मनोविकारशास्त्र ओळखू येणार नाही इतके बदलले, तरी कायद्याने आपली कसोटी जवळपास जशीच्या तशी ठेवली.

याला कायद्याचा मागासपणा म्हणणे सोपे आहे, पण ते पूर्ण खरे नाही. हे कलम आजारी मनाचे वर्णन करण्यासाठी लिहिलेले नसून शिक्षा कोणाला द्यावी आणि कोणाला देऊ नये एवढाच प्रश्न सोडवण्यासाठी लिहिलेले आहे. डॉक्टर माणसाला काय झाले आहे ते पाहतो, न्यायाधीश त्याला जाब विचारता येतो का ते पाहतो, आणि चारचौघे तो माणूस म्हणून कसा आहे याचा निवाडा करतात. तिन्ही निवाडे एकाच माणसाबद्दल असले तरी एकाचे उत्तर दुसऱ्याच्या कामी येईलच असे नाही. मात्र एखादा अमानुष गुन्हा घडला की नेमकी ही उसनवारी सुरू होते, आणि ‘असे करणारा वेडाच असणार’ व ‘वेड्याचे सोंग घेतोय, फाशी द्या’ ही दोन वाक्ये एकाच चहाच्या टपरीवर, पुष्कळदा एकाच तोंडून, ऐकू येतात.

या कलमाचे मूळ लंडनमध्ये आहे. २० जानेवारी १८४३ रोजी डॅनियल मॅकनॉटन या स्कॉटिश कारागिराने एडवर्ड ड्रमंड यांच्यावर पाठीमागून गोळी झाडली. ड्रमंड हे पंतप्रधान रॉबर्ट पील यांचे खासगी सचिव होते, आणि आपण पील यांनाच मारतो आहोत अशी मॅकनॉटनची समजूत होती. टोरी पक्षाचे लोक आपला पिच्छा पुरवत आहेत आणि ते आपल्याला जगू देणार नाहीत, असे त्याच्या मनाने घेतले होते. ज्यूरीने वेडाच्या कारणावरून त्याला निर्दोष ठरवले तेव्हा खुद्द राणी व्हिक्टोरियाही संतापली आणि उमरावांच्या सभागृहाने न्यायाधीशांना पाचारण करून कायदा नेमका काय आहे ते विचारले. त्यांनी दिलेल्या उत्तरांना पुढे मॅकनॉटन नियम असे नाव पडले आणि तेच आपल्याकडे ८४ व्या कलमात उतरले. गंमत अशी की, हे नियम काटेकोरपणे लावले असते तर मॅकनॉटन स्वतः बहुधा सुटला नसता, कारण आपण माणूस मारतो आहोत आणि त्याला कायद्याची मनाई आहे एवढे त्याला कळत असावे. अर्थात सुटून तो घरी गेलाच नाही. १८६५ साली मरेपर्यंत तो वेड्यांच्या इस्पितळात बंदिस्त राहिला.

भारतीय न्यायालयांनी या नियमावर जे संस्कार केले ते थोडक्यात सांगता येतात. प्रत्येक माणूस शहाणा आहे असे कायदा गृहीत धरतो, त्यामुळे वेडाचा बचाव शाबित करण्याची जबाबदारी आरोपीवर पडते. मात्र १९६४ च्या दह्याभाई ठक्कर खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, सरकार पक्षाला गुन्हा जसा निःसंशय सिद्ध करावा लागतो तितका कडक पुरावा आरोपीने देण्याची गरज नाही, शक्यतेचे पारडे त्याच्या बाजूला झुकले तरी पुरे. न्यायालये ‘वैद्यकीय वेड’ आणि ‘कायदेशीर वेड’ असा भेदही करतात, म्हणजे रुग्णाच्या कागदपत्रांवर कितीही गंभीर निदान लिहिलेले असले तरी कृत्याच्या त्या क्षणी त्याची समज हरपली होती का, हा प्रश्न निराळा राहतो. कागदावर स्वच्छ दिसणारा हा भेद प्रत्यक्षात किती धूसर होतो, हे मुंबईच्या एका जुन्या खटल्याइतके दुसरे काही दाखवत नाही.

१९६५-६६ मध्ये आणि पुन्हा १९६८ साली मुंबईच्या उपनगरांत रात्री झोपडीत आणि फूटपाथवर झोपलेल्या गोरगरिबांची डोकी ठेचून खून होऊ लागले. चोरी झालीच तर किरकोळ, मारणाऱ्याचा आणि मरणाऱ्याचा काही संबंध नाही, अशी ही प्रकरणे होती. २७ ऑगस्ट १९६८ रोजी उपनिरीक्षक अॅलेक्स फियालो यांनी केवळ वर्णनावरून रामन राघव या माणसाला ओळखून पकडले. तपासाची सूत्रे रमाकांत कुलकर्णी यांच्याकडे होती. आरोपी सुरुवातीला तोंड उघडेना. कोंबडीचे जेवण मिळाल्यावर, आणि डोक्याला लावायला तेल, कंगवा व आरसा या मागण्या पुऱ्या झाल्यावर, त्याने बोलायला सुरुवात केली आणि मग एकामागून एक खुनांची कबुली देऊन हत्यारे लपवलेली जागाही दाखवली. एवढ्यावर थांबले तर हा पक्का गुन्हेगार ठरतो, कारण हत्यार लपवणारा माणूस आपले कृत्य दडवण्याजोगे आहे हे जाणतो, असा तर्क कोणताही सरकारी वकील करील.

१९६९ मध्ये खटला उभा राहताच बचावाच्या वकिलांनी आरोपीचे डोके ठिकाणावर नसल्याचा अर्ज केला. पोलीस सर्जनने त्याला जून-जुलैमध्ये सुमारे महिनाभर निरीक्षणाखाली ठेवले आणि त्याला कोणताही गंभीर मनोविकार नाही, खटल्याचे कामकाज त्याला समजते, असे मत दिले. बचाव पक्षाच्या मनोविकारतज्ज्ञाने उलट सांगितले की, त्याला जुनाट संशयी स्किझोफ्रेनिया आहे, म्हणजे असा विकार ज्यात विचार आणि वास्तव यांची सांगड तुटते आणि सगळे जग आपल्याविरुद्ध कट करीत आहे अशी अढळ समजूत मनात घर करते. सत्र न्यायालयाने फाशी सुनावली. आरोपीने अपील करण्यास नकार दिला. फाशीची शिक्षा उच्च न्यायालयाने कायम केल्याशिवाय अमलात येत नाही. ते प्रकरण समोर आल्यावर उच्च न्यायालयाने सर्जन जनरलना तीन मनोविकारतज्ज्ञांचे मंडळ नेमायला सांगितले.

या मंडळाने त्याच्याशी पाच बैठकांत, प्रत्येक वेळी सुमारे दोन तास, बोलणे केले. त्याच्या मनात दोन जगे होती: एक आपले सर्वांचे, आणि दुसरे ‘कानून’चे. देशात अकबराचे, ब्रिटिशांचे आणि काँग्रेसचे अशी तीन सरकारे आहेत, ती आपल्याला छळतात आणि मोहात पाडतात, लोक आपले लिंग बदलू पाहतात पण आपण ‘कानून’चे प्रतिनिधी असल्याने त्यांना यश येत नाही, आपण एकशे एक टक्के पुरुष आहोत, हे तो पुनःपुन्हा सांगत राहिला. शेवटच्या बैठकीनंतर निरोप घेताना डॉक्टरांनी हस्तांदोलनासाठी हात पुढे केला, तेव्हा त्याने तो घेतला नाही. ‘कानून’चा प्रतिनिधी या दुष्ट जगातल्या माणसांना स्पर्श करीत नाही, हे त्याचे कारण होते. ज्याला सारी मुंबई दुष्टपणाचे मूर्तिमंत रूप समजत होती, त्याच्या हिशेबी दुष्ट होते ते बाकीचे सगळे.

इथे ८४ वे कलम अडखळते. आपण माणसे मारली हे त्याला ठाऊक होते, देशाचा कायदा त्याला पकडून फाशी देऊ शकतो हेही ठाऊक होते. पण त्या कायद्यापेक्षा वरचा कायदा आपल्या बाजूने आहे, अशी त्याची आजाराने घडवलेली खात्री होती. ‘गैर’ म्हणजे देशाच्या कायद्यानुसार गैर की स्वतःच्या मनाला पटलेल्या धर्मानुसार गैर, या प्रश्नाचे उत्तर बदलले की निकाल बदलतो. हत्यार लपवण्याची गोष्टही मग दोन्हीकडे वाकते, कारण शत्रूच्या सरकारापासून हत्यार लपवणारा माणूस अपराधी भावनेनेच लपवतो असे नाही. उच्च न्यायालयाने अखेर फाशी रद्द करून जन्मठेप दिली. निर्दोष सुटका नाही आणि फाशीही नाही. गुन्हा खरा आणि आजारही खरा, असा तो मधला मार्ग होता. तर्काच्या दृष्टीने त्यात फट आहे, पण समोर असलेल्या माणसाच्या दृष्टीने त्याहून प्रामाणिक निकाल क्वचितच देता आला असता. रामन राघव येरवड्याच्या तुरुंगात राहिला आणि १९९५ मध्ये पुण्याच्या ससून रुग्णालयात मूत्रपिंडाच्या विकाराने मरण पावला.

त्याच रमाकांत कुलकर्णींना पुढे परभणी जिल्ह्यातील मानवतच्या खूनसत्राचा तपास करावा लागला, आणि ही दोन प्रकरणे शेजारी ठेवली की वेड आणि दुष्टपणा यांमधल्या रेषेचा खरा पेच कळतो. १९७२ ते १९७४ या काळात मानवतमध्ये लहान मुली आणि स्त्रिया यांचे एकामागून एक खून झाले. गुप्तधन मिळावे आणि संतती व्हावी यासाठी बळी दिले गेले, अशी हकीकत तपासातून पुढे आली. काही आरोपींना झालेली फाशीची शिक्षा वरपर्यंत कायम राहिली, तर काही जण वरच्या न्यायालयांतून सुटले. कोवळ्या मुलीचे रक्त वाहिले की जमिनीत पुरलेले धन हाती लागते ही समजूत तीन सरकारांच्या समजुतीइतकीच निराधार आहे, तरीही मानवतच्या आरोपींना कोणी स्किझोफ्रेनियाचे रुग्ण म्हटले नाही.

त्याचे कारण मनोविकारशास्त्राच्या एका व्याख्येत आहे. पुराव्याने न ढळणारी खोटी समजूत म्हणजे संभ्रम. पण ती समजूत त्या माणसाच्या समाजात किंवा संस्कृतीत सर्रास मानली जात असेल तर तिला संभ्रम म्हणायचे नाही, अशी अट त्या व्याख्येला जोडलेली असते. रामन राघवचे ‘कानून’ त्याच्या एकट्याचे होते म्हणून तो आजारी ठरला. गुप्तधनाची समजूत पंचक्रोशीत आजोबा-पणजोबांपासून चालत आली होती म्हणून ती धरणारे शहाणे ठरले. ही अट नसती तर देवधर्म, नवस, ग्रहदशा मानणारा निम्मा समाज रुग्ण ठरला असता, त्यामुळे ती शास्त्राच्या दृष्टीने आवश्यकच आहे. पण तिचा एक परिणाम कोणाच्या फारसा लक्षात येत नाही: वेडाची सीमा कवटीच्या आत आखलेली नसते, तिचा एक भाग शेजारपाजारी काय मानतात यावर ठरतो. दुसरा परिणाम त्याहून कठोर आहे. मानवतच्या माणसांना आपण एक निष्पाप जीव आपल्या लाभासाठी घेतो आहोत हे कळत होते, लोभ त्यांचा स्वतःचा होता, आणि समजूत सामायिक असल्यामुळे ती सोडण्याची वाटही त्यांना मोकळी होती. दुष्टपणा या शब्दाला जर काही अर्थ उरत असेल तर तो इथे उरतो.

हाच प्रश्न नॉर्वेत उलट्या बाजूने उभा राहिला. २२ जुलै २०११ रोजी आन्देर्स ब्रेविक याने ऑस्लोत बॉम्बस्फोट घडवून आणि उतोया बेटावरील तरुणांच्या शिबिरात गोळीबार करून एकूण ७७ जणांना ठार केले. नॉर्वेच्या तेव्हाच्या कायद्यात ज्ञानाची अट नव्हती. कृत्यावेळी आरोपी सायकोटिक, म्हणजे वास्तवाशी संबंध तुटलेल्या अवस्थेत असेल तर तेवढ्यावर तो शिक्षेस अपात्र ठरे. पहिल्या दोन तज्ज्ञांनी ब्रेविकला संशयी स्किझोफ्रेनिया असल्याचे सांगितले: स्वतःला तो एका गुप्त सरदारी संघटनेचा सेनानी समजत होता आणि कोणाला जगू द्यायचे हे ठरवण्याचा अधिकार आपल्याला आहे असे म्हणत होता. त्यावर देशभर गदारोळ झाल्यावर नेमलेल्या दुसऱ्या दोघांनी सांगितले की, तो सायकोटिक नाही. त्याची भाषा विचित्र वाटली तरी ती युरोपातील अतिउजव्या गटांच्या लिखाणातून आलेली आहे. म्हणजे तीच मानवतची कसोटी: समजूत एकट्याची की टोळीची?

खटल्यात सरकार पक्षाने त्याला उपचारासाठी पाठवण्याची मागणी केली आणि बचाव पक्षाने त्याला शहाणा ठरवण्याची, कारण आपल्याला वेडा म्हणणे म्हणजे आपला विचार पुसून टाकणे आहे हे ब्रेविकला पुरते कळत होते. २४ ऑगस्ट २०१२ रोजी न्यायालयाने त्याला शहाणा ठरवून २१ वर्षांची, आणि धोका कायम राहिल्यास वाढवता येणारी, स्थानबद्धता सुनावली. मृतांच्या नातलगांपैकी अनेकांना हाच निकाल हवा होता, ही गोष्ट विचार करण्याजोगी आहे. जबाबदार ठरवणे ही केवळ सूडाची भूक नसते. समोरच्याला माणूस मानून त्याच्याकडून हिशेब मागण्याचा तो एक प्रकार असतो, आणि वेडा ठरवण्यात दयेइतकीच बेदखलीही असू शकते.

वेड आणि दुष्टपणा यांच्या मधल्या प्रदेशातला सर्वांत अवघड रहिवासी म्हणजे ज्याला सायकोपाथ म्हणतात तो. त्याला भास होत नाहीत, संभ्रम नसतात, बोलणे तर्कशुद्ध आणि अनेकदा मधाळ असते. उणीव असते ती दुसऱ्याच्या दुःखाने कासावीस होण्याची आणि पश्चात्तापाची. इंग्लंडमध्ये डॉक्टर प्रिचर्ड यांनी १८३५ मध्ये अशा माणसांसाठी ‘नैतिक वेड’ असा वर्ग कल्पिला होता, आणि अमेरिकेत हर्वी क्लेक्ली यांनी १९४१ च्या आपल्या पुस्तकात त्यांचे तपशीलवार चित्र काढले. कॅनडाचे रॉबर्ट हेअर यांच्या मोजपट्टीत २० लक्षणे असून प्रत्येकाला शून्य ते दोन गुण देतात. मात्र या लक्षणांच्या यादीत खोटे बोलणे, दुसऱ्यांना वापरून घेणे, निर्दयपणा, बेजबाबदारपणा हे सारे आहे. तो क्रूर का वागला, तर सायकोपाथ आहे म्हणून. आणि सायकोपाथ कशावरून, तर क्रूर वागतो म्हणून, असा हा घाण्याचा बैल जागच्या जागी फिरत राहतो. जुन्या काळी ज्याला पापी म्हटले असते त्यालाच पांढरा कोट घालून पुन्हा तेच नाव दिले की काय, अशी शंका इथे रास्त आहे. कायद्याने तरी यात पडण्याचे टाळले आहे: आपण करतो ते बेकायदा आहे हे सायकोपाथला पक्के ठाऊक असते, म्हणून त्याला सूट नाही.

मेंदूचे शास्त्र हा वाद मिटवील अशी आशा अनेकांना वाटते. २००३ मध्ये अमेरिकेतील डॉक्टरांनी एका चाळिशीतल्या शिक्षकाची हकीकत प्रसिद्ध केली, ज्याच्यात मुलांविषयी लैंगिक ओढ अचानक उफाळून आली होती. मेंदूच्या पुढच्या भागातील गाठ काढल्यावर ती नाहीशी झाली, गाठ परत वाढली तशी तीही परतली. इतका सरळ कार्यकारणभाव दुर्मिळ आहे. बहुतेक गुन्हेगारांच्या मेंदूत काढून टाकण्याजोगे काही सापडत नाही, आणि सापडले तरी तसाच बिघाड असलेली असंख्य माणसे आयुष्यभर कोणाला बोटही लावत नाहीत. शिवाय प्रत्येक कृत्यामागे मेंदूतील काही ना काही घडामोड असतेच, चांगल्या कृत्यामागेही, तेव्हा ती दाखवून देणे म्हणजे माफी देणे नव्हे.

आणि विसाव्या शतकातील सर्वांत मोठ्या अपराधांत मेंदूचा बिघाड शोधणे तर व्यर्थच ठरले. लाखो ज्यूंना मृत्यूच्या छावण्यांकडे नेणाऱ्या गाड्यांची व्यवस्था लावणारा अॅडॉल्फ आइकमन १९६१ मध्ये जेरुसलेमच्या न्यायालयात उभा राहिला, तेव्हा त्याला तपासणाऱ्या मनोविकारतज्ज्ञांना त्याच्यात मनोविकार आढळला नाही. खटल्याला हजर असलेल्या विचारवंत हाना आरेंट यांनी त्याच्यात राक्षस नव्हे तर विचार करायचे सोडून दिलेला कारकून पाहिला. तो त्यांनी मानला तितका निर्विकार नव्हता, त्याचा ज्यूद्वेष खरा होता, असे नंतरच्या संशोधकांनी दाखवले आहे. पण दोन्ही पक्षांत एका गोष्टीवर मतभेद नाही, आणि ती म्हणजे तो आजारी नव्हता.

सीमारेषा धूसर आहे म्हणून ती खोटी ठरत नाही. ती हलतेही, आणि कधी चांगल्या दिशेने: आत्महत्येचा प्रयत्न १८६० पासून आपल्याकडे गुन्हा होता, २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्याने असा प्रयत्न करणारा माणूस तीव्र तणावाखाली होता असे गृहीत धरून त्याला शिक्षा देण्यास प्रतिबंध केला, आणि नव्या न्याय संहितेत सरकारी नोकरावर दबाव आणण्यासाठी केलेल्या प्रयत्नाखेरीज तो गुन्हाच उरला नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये मनोविकार हे फाशी कमी करण्याचे एक कारण मानले, आणि २०१९ मध्ये दोन बालिकांवर अत्याचार करून त्यांचे खून करणाऱ्या महाराष्ट्रातील एका कैद्याची फाशी, शिक्षेनंतर जडलेल्या गंभीर मनोविकारामुळे, आमरण जन्मठेपेत बदलली. त्या कैद्याच्या कृत्याला न्यायालयाने तसूभरही सौम्य म्हटले नाही. आपल्याला का मारले जात आहे हेच ज्याला उमगत नाही त्याला फासावर चढवण्यात अर्थ नाही, एवढेच म्हटले.

या साऱ्या चर्चेची किंमत मात्र भलतेच लोक मोजतात. क्रूरतेला वेड म्हणण्याची सवय जडली की वेडाला क्रूरता समजण्याची सवय आपोआप जडते, आणि स्किझोफ्रेनियाच्या रुग्णाला भाड्याने खोली मिळत नाही, घरात बहिणीचे लग्न ठरत नाही. प्रत्यक्षात या रुग्णांपैकी बहुसंख्य कोणावरही हात उगारत नाहीत, उलट मारहाण आणि फसवणूक त्यांच्याच वाट्याला अधिक येते. मनोविकलतेच्या कारणावरून सुटका झालेल्या आरोपीलाही घरचा रस्ता मोकळा नसतो, कारण त्याला ‘सुरक्षित अभिरक्षेत’ ठेवण्याचा अधिकार न्यायालयाला आहे, आणि खटलाच चालू शकत नाही अशा कैद्याची तर मुदतही कोणी मोजत नाही. आसाममध्ये १९५१ साली पकडलेल्या एका तरुणाला मनोरुग्णालयात पाठवले गेले, तो बरा झाल्याचे डॉक्टरांनी १९६७ मध्ये कळवले, आणि तरीही खटला न चालता तो २००५ पर्यंत कोठडीतच राहिला. २०१७ च्या कायद्याच्या १०३ व्या कलमानुसार प्रत्येक राज्यातील किमान एका तुरुंगाच्या वैद्यकीय विभागात मानसिक उपचारांची सोय असणे सरकारवर बंधनकारक आहे. एखाद्या आरोपीला वेडा म्हणायचे की दुष्ट, यावर हिरिरीने बोलणाऱ्या नागरिकांनी आपल्या राज्यातील तुरुंगात ती सोय प्रत्यक्षात आहे का, असा प्रश्न माहितीच्या अधिकारात एकदा तरी विचारावा.